मास्तरांचं अक्षर

कोर्टाच्या मागच्या भिंतीला लागून पत्र्याची एक लांबच लांब पडवी आहे. तिथं टेबलं टाकून दस्त लिहिणारे बसतात. कुणी करारनामे लिहितं, कुणी अर्ज, कुणी वचनचिठ्ठ्या. तिसऱ्या टेबलाशी वहिनी बसतात. त्यांचं नाव कुणाला ठाऊक नाही आणि कुणी विचारतही नाही. मास्तरांची बायको म्हणून वहिनी, आणि मास्तर जाऊन चार वर्षं झाली तरी वहिनीच.

वहिनींचं अक्षर बेताचं. ओळ उजवीकडे जाता जाता वर चढते, अक्षरं बसमधल्या माणसांसारखी एकमेकांना खेटून उभी राहतात. लोक कागद हातात घेतात, मोजून पैसे देतात आणि निघताना हमखास म्हणतात, "ठीक आहे हो. पण मास्तरांच्या अक्षराची सर नाही."

"कुठून येणार?" वहिनी म्हणतात आणि पुढच्या माणसाला हाक मारतात.

आता ऐका. ते अक्षर वहिनी मुद्दाम बिघडवतात. साडेतीन वर्षं, रोज, सकाळी दहापासून संध्याकाळी पाचपर्यंत. चांगलं लिहिणाऱ्याला वाईट लिहिताना किती त्रास होतो हे ज्यानं केलं त्यालाच कळेल. संध्याकाळी मनगट ठणकतं. एखाद्या दिवशी लक्ष उडालं की हात आपोआप मोकळा सुटतो, एक ओळ सरळ, टपोरी, सुरेख उतरते. मग तो कागद फाडायचा, गिऱ्हाइकाला म्हणायचं, शाई सांडली, आणि नवा घ्यायचा.

कारण ती सुरेख ओळ म्हणजे मास्तरांचं अक्षर. मास्तर आपल्या अक्षरावरच जगले. मोत्याचे दाणे म्हणत लोक. सावकार लांबून यायचे, का, तर मास्तरांचा कागद कोर्टात कधी पडत नाही. वचनचिठ्ठी म्हणजे तसं काही मोठं प्रकरण नव्हे. अमुक पैसे मी घेतले, मागाल तेव्हा परत देईन, एवढंच. खाली रेव्हेन्यू तिकीट डकवायचं, घेणाऱ्यानं तिकिटावर सही करायची, दोन साक्षीदार, आणि सर्वांत तळाला लिहिणाऱ्याची सही. पण मास्तरांनी लिहिली की तिला रुबाब यायचा. शेवटच्या अक्षराची शेपटी ते खाली ओढायचे, बोटभर. ती त्यांची खूण. जज्जसुद्धा ती शेपटी पाहिली की मान हलवायचे.

आणि मग एक दिवस त्या उजव्या हाताला कंप सुटला.

मास्तर मानी माणूस. डॉक्टरकडे गेले ते लपूनछपून. औषधं आणली, ती पिठाच्या डब्यामागे ठेवली. हात कोटाच्या खिशात घालून बसायला लागले. लोकांना वाटलं, मास्तरांना वयात आल्यासारखी ऐट सुचली. घरी आल्यावर तोच हात टेबलावर ठेवला की बशी वाजायची.

"कुणाला कळता कामा नये," त्यांनी वहिनींना बजावलं. "कळलं तर परवाना जाईल. आणि परवाना गेला तर खायचं काय, माझं डोंबल?"

तेव्हापासून ते चालू झालं. गिऱ्हाईक आलं की मास्तर सगळं नीट ऐकून घ्यायचे आणि म्हणायचे, "घरी निवांत लिहितो. दोन तासांनी या." दुपारी वहिनी जेवणाचा डबा घेऊन यायच्या. मास्तर हळू आवाजात नाव, रक्कम, तारीख सांगायचे, वहिनी ते तोंडपाठ करून पुढं निघायच्या आणि जेवण उरकून मास्तरही मागोमाग, लिहायला म्हणून, घरी यायचे. घर पाच मिनिटांवर, सायकलदुरुस्तीच्या दुकानावरच्या दोन खोल्या. स्वयंपाकघरातल्या टेबलावर वर्तमानपत्र अंथरून वहिनी कागद लिहायच्या, तळाला मास्तरांची सही ठोकायच्या, शेपटीसकट, आणि रिकाम्या डब्याच्या पिशवीतून कागद परत. पैसे घेणारा यायचा, मास्तरांसमोर सही करायचा, जायचा. दोन वर्षं. तीनएकशे कागद. एकालाही संशय आला नाही.

लग्न होऊन आल्या तेव्हापासून वहिनी मास्तरांच्या कागदांच्या नकला करायच्या, त्यामुळे वळण हातात मुरलेलं होतं. पण दोन वर्षांत मास्तरांनी एकदा, अहो एकदासुद्धा, बरं झालंय असं म्हटलं नाही. चष्मा लावायचे, कागद लांब धरायचे आणि म्हणायचे, "शेपटी लांबली." किंवा, "दुसरी ओळ बसली नाही." वहिनींना राग यायचा. भांडी जरा जोरात आदळायच्या, बस्स. त्यापलीकडे ब्र काढला नाही. मास्तर गेले तेही असेच, न बोलता. शेवटचे तीन महिने अंथरूण, त्यातला शेवटचा पंधरवडा दवाखान्यात. घरी होते तोवर शेजारच्या गल्लीतल्या सिस्टर रोज येऊन सुई द्यायच्या. निवृत्त नर्स. एक पैसा घेतला नाही त्या बाईनं.

मास्तर गेल्यावर वहिनींनी सहा महिने कचेरीचे उंबरे झिजवून स्वतःच्या नावावर परवाना मिळवला. टेबल तेच, खुर्ची तीच. अक्षर मात्र तेच ठेवता येत नव्हतं. दोन माणसांचं अक्षर एक कसं, हे पडवीतल्या कुणाही पोराच्या ध्यानात आलं असतं.

इथपर्यंत सगळं सुरळीत चाललं असतं. पण त्या तीनशे कागदांतला एक सिस्टरांचा होता.

मास्तर जायच्या आठ महिने आधी सिस्टरांनी आपली नोकरी संपल्यावर हातात आलेली सगळी पुंजी एका छापखानेवाल्याला दिली होती. त्याला नवं यंत्र घ्यायचं होतं. हा गृहस्थ मास्तरांचा तीस वर्षांचा दोस्त. वहिनींना वहिनी म्हणणारा, वहिनी त्याला भावजी म्हणायच्या. चिठ्ठी झाली त्याच्या दुसऱ्या दिवशी तो घरी आला, दोन कप चहा प्यायला आणि यंत्र केवढं मोठं आहे ते हातवारे करून सांगून गेला. म्हणजे पैसे घेतले यात तीळमात्र शंका नाही. वहिनींना तर मुळीच नाही, चिठ्ठी त्यांनीच लिहिलेली.

मास्तर गेले आणि भावजींनी हात वर केले. कसले पैसे? कुठली चिठ्ठी? सिस्टर वर्षभर त्याच्या दाराशी हेलपाटे घालत राहिल्या, मग दावा लावला. दोन साक्षीदारांपैकी एक वारला होता. दुसरा छापखान्यातच शिशाच्या अक्षरांचे खिळे जुळवणारा, त्यानं कानावर हात ठेवले. आणि भावजींचं म्हणणं काय, तर तिकिटावरची सही माझी नाहीच, हा कागद मास्तर मेल्यावर कुणीतरी बसून बनवलाय, मेलेला माणूस काय बोलायला येतोय!

सिस्टरांनी डोळ्यांचं ऑपरेशन पुढं ढकललेलं. एका डोळ्यानं दिसत नव्हतं, दुसरा चालला होता. साठवलेलं जे काही होतं ते त्या यंत्रात अडकलेलं. त्यांचे वकील त्यांना घेऊन वहिनींच्या घरी आले.

"वहिनी, सगळं आता तुमच्यावर आहे," वकील म्हणाले. तरुण होते, पण डोकं चालणारे. "लिहिणारा हयात नसला की त्याचं अक्षर ओळखणाऱ्यानं सांगायचं असतं. तुमच्याइतकं कोण ओळखणार? तुम्ही एवढंच म्हणा, हे अक्षर माझ्या नवऱ्याचं. मास्तरांचं अक्षर म्हणजे कागद मास्तर जिवंत असतानाचा. संपलं. त्यांचा सगळा बचाव कोसळला."

वहिनींनी जपून विचारलं, "आणि समजा, दुसऱ्याच कुणी लिहिलेला असला तर? मास्तरांच्या सांगण्यावरून?"

"छे! मग काय उपयोग? मास्तरांचा हात मास्तरांबरोबर गेला म्हणून तर त्याला किंमत. जिवंत माणसाचा हात काय, कालसुद्धा लिहील. त्यांचे वकील म्हणतील, बाईंची मैत्रीण आहे, बसली आणि लिहिला. आणि दुसऱ्याची सही ठोकली म्हणून लिहिणारा आत जाईल तो वेगळाच."

जाताना सिस्टरांना चपला शोधायला वेळ लागला. वहिनींनी खाली वाकून त्यांच्या पायाशी सरकवल्या. तेवढ्यावरच वहिनींचं ठरलं.

म्हणजे खोटं बोलायचं, खऱ्यासाठी. वहिनींचं मन डळमळलं नाही. त्यांना वाटलं, दोन वर्षं हेच तर केलं. आणखी एकदा.

तारखेच्या दिवशी खोली भरलेली. पडवीतले झाडून सगळे येऊन मागं उभे राहिलेले, कारण मास्तरांचं नाव निघणार होतं. वहिनी पिंजऱ्यात चढल्या, शपथ घेतली. सिस्टरांच्या वकिलांनी चिठ्ठी हातात दिली. वहिनींनी ती पाहिली. त्यांना ती दुपार आठवली. दुसरी ओळ लिहिताना खाली सायकलवाला घंटी वाजवून बघत होता.

"हे अक्षर कुणाचं?"

"माझ्या मालकांचं."

"आणि तळाची सही?"

"त्यांचीच."

मागून कुणीतरी हलकेच म्हणालं, "शेपटी बघा ना." जज्जसाहेबांनी डोळे वर केले, तो गप्प झाला.

मग छापखान्याचे वकील उठले. वयस्क, गोडबोले, काळजी वाटेल इतके शांत.

"बाई, मास्तरांचा हात थरथरत होता का हो?"

"शेवटचे तीन महिने. त्याआधी नाही."

"असं. मास्तर कागद इथं बसून लिहायचे की घरी?"

"घरी. त्यांना इथं गोंगाट सहन व्हायचा नाही."

"घरी. बरं." त्यांनी आपल्या फायलीतून एक चतकोर कागद काढला, साहेबांना दाखवला, सिस्टरांच्या वकिलांना दाखवला. तरुण वकिलांचं तोंड उतरलं. त्यांनी हरकत घेतली, साहेबांनी ती लिहून घेतली आणि म्हणाले, साक्षीदाराला दाखवायला काय हरकत आहे, ओळखलं तर ओळखलं. "बाई, हे पत्र मास्तरांनी दवाखान्यातून आमच्या अशिलांना दिलं. मनातल्या मनात वाचा आणि मला फक्त सांगा, अक्षर कुणाचं आहे."

वहिनींनी कागद घेतला. दवाखान्यातल्या औषधाच्या चिठ्ठीची पाठकोरी बाजू होती. वर अक्षर म्हणण्यासारखं काही दिसेना. रेघा फुटलेल्या, शब्द घसरलेले, एका ठिकाणी पेन कागद फाडून गेलेलं. वाचायला वेळ लागला. पण वाचता आलं.

मित्रा, हात ऐकत नाही म्हणून थोडक्यात. गेली दोन वर्षं माझ्या नावावर जे लिहिलं गेलं ते सगळं हिनं लिहिलं. माझ्यापेक्षा हिचा हात चांगला आहे. हे हिला कधी सांगितलं नाही, माझ्याच्यानं झालं नाही. माझ्यामागं माझी जागा हिलाच मिळेल असं बघ. एवढं कर.

खाली सही होती. शेपटी ओढायला गेलेली, तीन ठिकाणी तुटलेली, पण शेवटपर्यंत नेलेली.

वहिनींना पहिल्यांदा आनंद झाला. हो, आनंदच झाला. भर कोर्टात, पिंजऱ्यात उभं असताना त्यांना हसू फुटणार होतं. म्हणजे माहीत होतं तर! चष्मा लावून, कागद लांब धरून, शेपटी लांबली म्हणणाऱ्या त्या खडूस माणसाला सगळं दिसत होतं. मग डोळे भरून आले आणि ओळी पुसट झाल्या. मग लक्षात आलं की हे पत्र भावजींच्या खिशात चार वर्षं होतं. मी सहा महिने कचेरीत खेटे घालत होते तेव्हाही होतं. यानं एक शब्द काढला नाही. केसानं गळा कापला मेल्यानं, आणि आता त्याच कागदानं सिस्टरांचाही कापायला बसलाय.

भावजी समोरच्या बाकावर बसून त्यांच्याकडे बघत होते. हा माणूस वहिनींना पुरता ओळखत होता. नवऱ्यानं जन्मात एकदा केलेलं कौतुक बाई नाकारणार नाही, यावर त्यानं सगळा डाव लावलेला. त्याच्या मागच्या बाकावर सिस्टर होत्या. मान पुढं काढून, पिंजरा कुठं आहे त्याचा अंदाज घेत, जरा चुकीच्या बाजूला बघत होत्या.

"बाई, वेळ घ्या," वकील गोड आवाजात म्हणाले. "हे तुमच्या पतीचंच अक्षर आहे ना?"

"नाही."

"काय म्हणालात?"

"हे त्यांचं नाही."

"नीट बघा. शपथेवर आहात."

"बघितलं की." वहिनींचा आवाज चढला. चढवला नसता तर फुटला असता. "माझ्या मालकांचं अक्षर सगळ्या कोर्टाला ठाऊक आहे. मोत्याचे दाणे. हे असलं गिचमिड त्यांनी जन्मात लिहिलं नाही, आणि हात थरथरायला लागल्यावर तर पेनच धरलं नाही. कुणीतरी पोरासोरानं लिहिल्यासारखं दिसतंय."

मागं पडवीतले लोक हसले. साहेबांनी खाली मान घालून लिहून घेतलं. वहिनींनी कागद परत दिला. देताना तो हातातून लगेच सुटला नाही, वकिलांना किंचित ओढावा लागला. ते कुणाच्या लक्षात आलं नाही.

मास्तरांचं अक्षर सांगायला कुणी तिसरा साक्षीला आलाच नव्हता. वहिनींनी हो म्हटलं ती चिठ्ठी शाबीत झाली, नाही म्हटलं ते पत्र शाबीत झालं नाही. सरळ हिशेब. सिस्टर जिंकल्या. पैसे हप्त्यांनी यायचे ठरले, पहिल्या हप्त्यात डोळ्याचं ऑपरेशन झालं. पट्टी निघाल्यावर त्या टेबलाशी आल्या, वहिनींचा हात हातात घेऊन म्हणाल्या, "मास्तरांनी मला तारलं हो. काय अक्षर होतं!"

"होतं खरं," वहिनी म्हणाल्या.

शाबीत न झालेला कागद ज्याचा त्याला परत मिळतो. वहिनींना हे माहीत होतं, कोर्टाच्या कागदांतच त्यांचा जन्म गेलेला. त्या दिवस मोजत राहिल्या. पत्र परत गेल्याचं कारकुनाकडून कळलं तशा एका दुपारी त्या छापखान्यात गेल्या. मनाशी बोलणं जुळवून गेलेल्या. तिथं यंत्र धडधडत होतं. खिळे जुळवणारा तो साक्षीदार कोपऱ्यात काम करत होता. भावजी शाईनं बरबटलेल्या हातांनी उभे.

"या वहिनी. आज इकडं कुठं?"

"भावजी, तो कागद... तो तेवढा मला द्याल का?"

"कुठला?"

"कोर्टात दाखवलेला."

"तो होय!" भावजींनी यंत्र बंद केलं. एकदम शांत झालं. कोपऱ्यातल्या माणसानंही हात थांबवला. "पण तो तर कुणा भलत्याचा निघाला ना? तुम्हीच सांगितलंत. भलत्याचं गिचमिड तुम्हाला कशाला हवंय?"

वहिनींची नजर टेबलाच्या खणाकडे गेली.

"का, मास्तरांचं आहे म्हणता? तसं म्हणा की. आत्ता देतो. अपील करायला अजून आठ दिवस आहेत मला." आणि त्यानं खिळे जुळवणाऱ्याकडे बघितलं. तो कान टवकारून बसलेला.

एक शब्द बोलायचा होता. सिस्टरांची पट्टी नुकती निघालेली, दुसऱ्या डोळ्याची तारीख पुढच्या महिन्यात.

"नाही," वहिनी म्हणाल्या. "त्यांचं नाही. मला काय करायचंय. सहज विचारलं."

"मग ठीक आहे." भावजींनी खणातून ते पत्र काढलं, त्या कागदानंच एक एक करून दहाही बोटं सावकाश पुसली, काळा झालेला गोळा रद्दीच्या पिंपात टाकला आणि यंत्र सुरू केलं.

वहिनी घरी आल्या. गॅसवर दूध ठेवलं, स्वयंपाकघरातल्या टेबलावर वर्तमानपत्र अंथरलं. पत्र त्यांना पाठ होतं, पाठ करायची सवयच होती. निदान एक नक्कल, आपल्यापुरती. लिहायला बसल्या. मित्रा, हात ऐकत नाही म्हणून थोडक्यात. ओळ सरळ उतरली, टपोरी, सुरेख. त्यांनी दुसरा कागद घेतला, पेन सैल धरलं, हात हलवून पाहिला. दवाखान्यातल्या त्या तुटक्या रेघा डोळ्यांसमोर होत्या, पण हात काही केल्या थरथरेना. तिसऱ्या कागदावरही मोत्याचे दाणेच. माझ्यापेक्षा हिचा हात चांगला आहे, असं त्या सुरेख अक्षरात लिहिलेलं इतकं खोटं दिसत होतं की कुणीही म्हणालं असतं, बाईनं स्वतःच लिहून घेतलंय.

तीनशे कागद त्यांनी मास्तरांच्या नावावर लिहिले होते, एकही कुणाला खोटा वाटला नव्हता. वहिनींनी तिन्ही कागद फाडले. दूध वर आलं होतं, ते उतरवायला त्या उठल्या.